रिळं आणि दाखले : मूकपटांवरच्या माहितीपटाच्या प्रकल्प नोंदी

१० जून

माहितीपटाचा आवाका आज ठरला. १८९६ ते १९१९. मुंबई, नाशिक आणि थोडं पुणे. सुरुवात मुंबईच्या वॉटसन हॉटेलात झालेल्या, फ्रान्सच्या ल्युमिएर बंधूंच्या हलत्या चित्रांच्या खेळापासून, शेवट दादासाहेब फाळक्यांच्या ‘कालिया मर्दन’ या मूकपटावर. लांबी बावन्न मिनिटं. दिग्दर्शन दादाचं, निवेदन सर लिहिणार, फूटेजचा शोध आणि संकलन माझ्याकडे.

दादाने पाठवलेल्या आराखड्यात प्रत्येक प्रसंगापुढे एक क्लिप लिहिलेली आहे. ‘१८९६ – आगगाडी’, ‘१८९९ – कुस्ती’, ‘१९१३ – हरिश्चंद्र’, ‘फाळके काम करताना’. वाचायला सरळ वाटतं. पण या चारपैकी एकाही ओळीबद्दल ‘पडद्यावर जे दिसेल ते त्याच वर्षाचं आहे’ असं छातीठोकपणे सांगता येत नाही. पुढचं सगळं काम याच प्रश्नाभोवती फिरणार, म्हणून पहिल्याच दिवशी लिहून ठेवते.

तक्ता आखला. रकाने असे: कोणी चित्रित केलं, कधी, कुठे, कशासाठी, आणि आपल्या हातात आलेली प्रत कुठल्या प्रतीवरून आली. शेवटचा रकाना भरायला सगळ्यात जास्त वेळ लागणार. इंटरनेटवरच्या बहुतेक क्लिपा कुठल्या तरी जुन्या माहितीपटातून कापलेल्या असतात. त्या माहितीपटाच्या संकलकाने वेग बदललेला असतो, कडा छाटलेल्या असतात, नको ते शॉट काढून टाकलेले असतात. म्हणजे आपण १९१७ ची फिल्म बघतोय असं वाटत असतं आणि प्रत्यक्षात पन्नास-साठ वर्षांनंतर कुणीतरी केलेली निवड बघत असतो.

१४ जून

आगगाडीवर अख्खा दिवस गेला.

७ जुलै १८९६ ला मुंबईत ‘शतकातलं आश्चर्य’ अशी जाहिरात झाली. खेळ चार: संध्याकाळी सहा, सात, रात्री नऊ, दहा. तिकीट एक रुपया. ल्युमिएर बंधूंचा माणूस मारियुस सेस्तिए. सहा फिल्मा दाखवल्या आणि त्यांच्या यादीत आगगाडीचं आगमन आहे. इथवर सगळं पक्कं.

आता ती क्लिप. ला सियोता स्टेशन, तिरका फलाट, डावीकडे मोठं होत जाणारं इंजिन, उतरणारी-चढणारी माणसं. जगभरात सिनेमाच्या जन्माची गोष्ट सांगताना हीच लावतात, आपल्याकडे वॉटसन हॉटेलच्या प्रसंगावरही हीच. पण जर्मन चित्रपट-इतिहासकार मार्टिन लॉइपरडिंगर यांनी दाखवून दिलंय की ही सर्वपरिचित आवृत्ती, ल्युमिएरच्या सूचीत ६५३ क्रमांकाची, १८९७ च्या उन्हाळ्यात चित्रित झालेली आहे. म्हणजे मुंबईतल्या खेळाच्या वर्षभर नंतरची! मुंबईकरांनी जुलै १८९६ मध्ये पाहिली ती गाडी वेगळी. पॅरिसच्या २८ डिसेंबर १८९५ च्या पहिल्या जाहीर खेळात तर दहा फिल्मांमध्ये आगगाडी नव्हतीच. आणि गाडी अंगावर येतेय म्हणून प्रेक्षक पळाले, या गोष्टीलाही त्या काळचा भरवशाचा पुरावा सापडत नाही.

कारखान्यातून बाहेर पडणाऱ्या कामगारांच्या ल्युमिएर फिल्मचीही तीच तऱ्हा. तिच्या तीन आवृत्त्या आहेत, अभ्यासक त्या दारातून निघणाऱ्या घोड्यांवरून ओळखतात: एका घोड्याची, दोन घोड्यांची, बिनघोड्याची. चालणारा विषय पुन्हा चित्रित करायचा, हा तेव्हाचा रिवाज. एकाच निगेटिव्हवरून प्रती काढत राहिलं की निगेटिव्ह झिजायची आणि मागणी तर थांबलेली नसायची. तेव्हा यात कुणी कुणाला फसवत नव्हतं. घोळ नंतरच्या लोकांनी घातला, सगळ्या आवृत्त्या एका नावाखाली आणि एका तारखेखाली घालून.

दादाला फोन केला. तो म्हणाला, “अगं, गाडी ती गाडी. प्रेक्षकाला कळायचंय की लोकांनी पहिल्यांदा हलतं चित्र पाहिलं.” त्याचं म्हणणं समजतं. पण मग निवेदनात ‘त्या संध्याकाळी मुंबईकरांनी हे पाहिलं’ असं म्हणायचं नाही. पाटी अशी ठेवतेय: ‘ल्युमिएर, ला सियोता, १८९७ ची आवृत्ती. मुंबईत १८९६ मध्ये दाखवलेली याआधीची.’ दादाला पाटी लांब वाटली, तरी हो म्हणाला.

२ जुलै

सावेदादा. हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर. वॉटसनचे खेळ पाहून भारावलेला फोटोग्राफर. विलायतेहून कॅमेरा मागवला आणि १८९९ मध्ये हँगिंग गार्डनमध्ये कुस्ती चित्रित केली. पैलवान पुंडलिकदादा आणि कृष्णा न्हावी. पुढे १९०१ च्या डिसेंबरात गणितज्ञ रँग्लर परांजपे केंब्रिजहून परतले तेव्हाचं मुंबईतलं स्वागत. भारतीय माणसाने भारतात घेतलेलं वार्तांकन म्हणावं असं हे पहिलं काम. आणि यातली एक फ्रेमही उरलेली नाही.

दादासाहेब तोरण्यांच्या ‘श्री पुंडलिक’ या चित्रपटाचंही तसंच. १८ मे १९१२ ला गिरगावच्या कोरोनेशन थिएटरात लागला, गाजला, आज शून्य.

मग पडद्यावर काय? दादाच्या आराखड्यात ‘कुस्ती’पुढे एका जुन्या आखाड्याची क्लिप आहे. लाल माती, लंगोट, दोन पैलवान, कडेला फेटे. दिसायला अगदी हवी तशी. पण ती बोलपटाच्या काळातली आहे, फिल्मच्या कडेला ध्वनिपट्टीसाठी सोडलेली जागा स्पष्ट दिसते. मी ती नाकारली. दादा चिडला. म्हणाला, “मग तीन मिनिटं काय काळा पडदा दाखवू? लोक उठून जातील.”

तासभर वाद झाला. त्याचा मुद्दा खोटा नाही: माहितीपट पाहायचा असतो, तळटिपांसकट वाचायचा नसतो. माझं म्हणणं एवढंच की आखाड्याची क्लिप लावली की सावेदादांची फिल्म जगात आहे असं प्रेक्षकाला वाटणार. ती नाहीशी झाली, हीच तर तिच्याबद्दलची सगळ्यात मोठी ऐतिहासिक गोष्ट आहे, आणि तीच आपण झाकून टाकणार. आपल्याकडच्या मूकपटांतला फार मोठा भाग असाच गेलाय. प्रत्येक माहितीपटाने ती जागा दुसऱ्या कशाने तरी भरली तर काय गेलं याचा अंदाज कुणालाच येणार नाही.

तोडगा दादानेच काढला. हँगिंग गार्डनमध्ये आजच जाऊन चित्रीकरण करायचं, रंगीत, आजची माणसं, आजचे कपडे. त्यावर सरांचं निवेदन: इथे कुस्ती झाली, चित्रित झाली, ती फिल्म आज नाही. आवाज फक्त बागेचा. ठरलं.

९ जुलै

मुंबईच्या रस्त्यांची भरणा करणारी दृश्यं लागणार आहेत. एका विक्रेत्याकडून ‘बॉम्बे, १९१० च्या सुमारास’ अशा नावाची क्लिप आली. छान स्वच्छ प्रत. ट्राम, व्हिक्टोरिया घोडागाडी, फुटपाथवर छत्री मिटून चालणारा पारशी गृहस्थ, मागे दगडी इमारती. आमची साहाय्यक मुलगी खूश. लगेच टाइमलाइनवर टाकली, फाळक्यांच्या दादरच्या प्रसंगाआधी.

फ्रेम-फ्रेम पुढे सरकवत पाहिली. ट्राम विजेची आहे, तिला घोडे नाहीत. विजेची ट्राम मुंबईत मे १९०७ मध्ये आली, तिथे अडचण नाही. पण ट्राम डावीकडे निघून जाते तेव्हा तिच्या मागून, फार तर दीड सेकंद, एका मोटारबसचं नाक डोकावतं. उभट रेडिएटर, वर ड्रायव्हरची काच, काचेवर पाटी. मुंबईत बस सुरू झाली १५ जुलै १९२६ ला. म्हणजे ‘१९१०’ ची क्लिप किमान सोळा वर्षं पुढची. फाळके तोवर दादर सोडून नाशिकला जाऊन, मूकपटाची सद्दी उपभोगून उताराला लागलेले.

साहाय्यक म्हणाली, “ताई, ते दीड सेकंद कापून टाकू की.” मग तिला जवळ बसवून समजावलं. बस कापली तर क्लिप १९१० ची होत नाही, फक्त ती १९१० ची नाही याचा पुरावा आपण नष्ट करतो. त्यापेक्षा क्लिप पूर्ण न वापरलेली बरी.

तिला मुंबईसाठी एक यादी करून दिली. गेटवे ऑफ इंडिया दिसलं तर सावध व्हायचं: पंचम जॉर्ज अपोलो बंदरावर उतरला २ डिसेंबर १९११ ला, पायाचा दगड बसला ३१ मार्च १९१३ ला, आणि वास्तू खुली झाली ४ डिसेंबर १९२४ ला. राजा कमानीखालून येतोय असं चित्र कुणी १९११ म्हणून दिलं तर ते सरळ परत पाठवायचं. व्हीटी-कुर्ला मार्गावर रुळांवर तारा दिसल्या तर फेब्रुवारी १९२५ नंतरचं. पाट्यांवरची भाषा, गाड्यांची नाकं, टोप्या, बायकांच्या पदराची पद्धत, सगळं बघायचं. दुपारी तिने स्वतःहून दुसरी एक क्लिप बाद केली. तारांवरून. फार बरं वाटलं.

२० जुलै

आज हरिश्चंद्र. बसून दोनदा पाहिला, मग सरांबरोबर पुन्हा.

जे उरलंय ते असं: ३७०० फुटांच्या चार रिळांपैकी पहिलं आणि शेवटचं, मिळून १४७५ फूट. पी. के. नायर यांनी फाळके कुटुंबीयांकडून मिळवून राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयासाठी जपलेलं. हे संग्रहालय १९६४ मध्ये पुण्यात सुरू झालं नसतं आणि तिथे नायरांसारखा पिच्छा पुरवणारा माणूस नसता तर आज आपण फाळक्यांबद्दल नुसतं ऐकत बसलो असतो. ८ जानेवारी २००३ च्या पुण्यातल्या आगीत नायट्रेटच्या जुन्या प्रती गेल्या. नायट्रेट फिल्म एकदा पेटली की बाहेरच्या हवेशिवायही जळत राहते, पाण्याखालीसुद्धा. प्रती काढून ठेवल्या होत्या म्हणून चित्र राहिलं.

राजा मुलाला, रोहिदासाला, धनुर्विद्या शिकवतोय, राणी तारामती शेजारी. रविवर्म्याच्या चित्रातून उतरल्यासारखी मांडणी. पुढे पाण्यातल्या सख्या, सगळे पुरुष, ओल्या साड्यांत. शेवटी तलवार उगारलेली आणि शंकर प्रकट. शंकर येतो तो कट इतका नेमका आहे की मी मान पुढे करून पाहिला. कॅमेरा थांबवून, नटाला जागेवर आणून, पुन्हा चालू केलेला. मागचा राजा त्या थांबलेल्या वेळात किंचित हललाय, खांदा अर्धा इंच खाली आलाय. तो अर्धा इंच माझ्यासाठी या रिळांतला सगळ्यात खरा क्षण. बाकी सगळं पुराण आहे. पण एका माणसाने हात वर करून ‘हलू नका’ म्हटलं, दुसऱ्याने श्वास रोखला आणि तरी खांदा ढळला, ही प्रत्यक्ष घडलेली गोष्ट आहे. कथापटसुद्धा असा दस्तऐवज असतो, त्याने सांगितलेल्या गोष्टीचा नव्हे, तो बनवला जात होता त्या वेळेचा.

पण ती वेळ कुठली? ३ मे १९१३ ला कोरोनेशनमध्ये लागलेला ‘राजा हरिश्चंद्र’, की १९१७ मध्ये फाळक्यांनी पुन्हा केलेला ‘सत्यवादी राजा हरिश्चंद्र’? मूळ प्रत सततच्या खेळांनी आणि उन्हातान्हातल्या प्रवासाने खराब झाली, म्हणून फाळक्यांनी तो नव्याने चित्रित केला अशी हकिकत सांगतात. हाती असलेली रिळं या दुसऱ्या चित्रपटाची आहेत असं काही चित्रपट-इतिहासकारांचं मत आहे. संग्रहालयात ती पहिल्या चित्रपटाची म्हणून ओळखली जात आली.

पुन्हा ल्युमिएरचीच गोष्ट. आगगाडी झिजली, पुन्हा चित्रित झाली. हरिश्चंद्र झिजला, पुन्हा चित्रित झाला. लोकांना जे सगळ्यात जास्त आवडलं तेच सगळ्यात आधी वापरून संपलं. म्हणून ‘पहिला’ म्हणून जे हातात येतं ते दुसरं असण्याचा संभव नेहमीच जास्त. मला हा सगळ्या कामातला सगळ्यात महत्त्वाचा धागा वाटतो आणि तो माहितीपटात आला पाहिजे असं मी दादाला आज ठासून सांगितलं.

सर आधी नाखूश होते. ते म्हणाले, “भारतीय चित्रपटाची शताब्दी २०१३ ला देशाने साजरी केली. आता आपण म्हणायचं का, की ही रिळं त्यातली नाहीत?” मी म्हटलं, “सर, शताब्दी खेळाची आहे. ३ मे १९१३ ला तो खेळ झाला, ते कुणीच नाकारत नाही. प्रश्न फक्त या १४७५ फुटांचा आहे.” थोडा वेळ शांत बसले. मग त्यांनीच वाक्य सुचवलं: ‘फाळक्यांच्या हरिश्चंद्राची एवढीच रिळं आज आपल्याकडे आहेत. ती १९१३ ची की १९१७ ची, यावर अभ्यासकांत मतभेद आहेत.’ याहून चांगलं मला जमलं नसतं. हे वाक्य धनुर्विद्येच्या शॉटवरच यायला हवं, आधी नाही की शेवटच्या श्रेयनामावलीत नाही.

२७ जुलै

‘चित्रपट कसे तयार करतात’ या फाळक्यांच्या लघुपटातला तुकडा. १९१७ चा. फाळके नटांना समजावताहेत, फिल्मची पट्टी तपासताहेत. आपल्याकडे ‘१९१३, हरिश्चंद्राच्या चित्रीकरणाचे दुर्मीळ दृश्य’ म्हणून हा बिनदिक्कत लावतात. तो १९१३ चा नाही, आणि चोरून टिपलेलाही नाही. फाळक्यांनी स्वतः, स्वतःला, प्रेक्षकांना दाखवण्यासाठी उभं केलेलं हे दृश्य आहे. कॅमेऱ्यासमोर काम करून दाखवणारा माणूस आणि काम करणारा माणूस यांत फरक असतो. तरीही फार मोलाचा तुकडा. त्याच सुमारास ते ‘नवयुग’ मासिकात भारतीय चित्रपटावर लेख लिहीत होते, लोकांना हा धंदा समजावा, त्याला प्रतिष्ठा यावी अशी त्यांची धडपड चालू होती. तळेगावच्या काच कारखान्यावर फिल्म काढणारा हाच माणूस. तेव्हा निवेदनात ‘फाळके काम करताना’च्या जागी ‘चित्रपट कसा बनतो हे प्रेक्षकांना दाखवणारे फाळके’ असं येईल, तारीख १९१७ राहील आणि तुकडा हरिश्चंद्राच्या प्रसंगातून उचलून चार वर्षं पुढे जाईल.

या तुकड्याने आणखी एक गोष्ट डोक्यात घातली. आमच्या हातातल्या फूटेजमध्ये फाळक्यांच्या पत्नी सरस्वतीबाई कुठेच नाहीत. घरातल्या सगळ्या मंडळींचा स्वयंपाक उरकून रात्री कच्च्या फिल्मला भोकं पाडणाऱ्या, रसायनं कालवणाऱ्या सरस्वतीबाई. तेव्हा फिल्म भोकांशिवाय यायची आणि ते काम अंधारात किंवा फार तर लाल उजेडात करावं लागे. साधा उजेड लागला की फिल्म वाया. म्हणजे या बाईचं सगळ्यात महत्त्वाचं काम चित्रित होणं शक्यच नव्हतं, कॅमेरा घरात असूनही. सापडलेल्या फूटेजवर इतिहास बेतला की ज्याच्यावर उजेड होता तोच माणूस इतिहासात उरतो. सरांना सांगितलंय, सरस्वतीबाईंचा भाग कमी करायचा नाही, चित्र नाही म्हणून तर मुळीच नाही.

५ ऑगस्ट

वेगाचा हिशेब. ३५ मिलिमीटर फिल्मच्या एका फुटात सोळा फ्रेम. १४७५ फूट म्हणजे २३,६०० फ्रेम. सेकंदाला सोळाच्या गतीने २४ मिनिटं ३५ सेकंद, चोवीसच्या गतीने १६ मिनिटं २३ सेकंद. आठ मिनिटांचा फरक, आणि त्या आठ मिनिटांत फाळक्यांची माणसं माणसांसारखी चालायची की बाहुल्यांसारखी तुरुतुरु पळायची हे ठरतं. अख्खा ३७०० फुटांचा चित्रपट सोळाने तासाहून थोडा मोठा होतो, चोवीसने एक्केचाळीस मिनिटं. कॅमेऱ्याचा दांडा हाताने फिरवायचे, त्यामुळे एकच आकडा सगळीकडे लागत नाही. पाण्यातल्या प्रसंगाला सोळा अगदी बसतो, शेवटच्या रिळात अठरा बरा वाटतो. पाणी आणि पडणारं कापड बघून ठरवतेय. गुरुत्वाकर्षण १९१७ मध्येही हेच होतं.

ध्वनी बघणाऱ्या मुलाने हरिश्चंद्रावर पाण्याचा खळखळाट, तलवारीचा खणखणाट टाकून पाठवला. मेहनत केलीय, ऐकायला मस्त आहे. काढायला सांगितलं. मूकपटाच्या खेळाला पेटी-तबला असायचा, कुणी गोष्ट सांगायचं; पण चित्राच्या आत उमटणारा असा आवाज नव्हता. तो घातला की प्रेक्षक ते चित्र साक्ष म्हणून ऐकायला लागतो.

यंत्राने रंगवणं आणि फ्रेमा वाढवणं यालाही नाही. ला सियोताच्या गाडीची ४के, सेकंदाला साठ फ्रेमांची आवृत्ती २०२० मध्ये सगळीकडे फिरली. बघायला गुळगुळीत. पण सोळातून साठ करताना मधल्या चव्वेचाळीस फ्रेमा कुठून आल्या? यंत्राने अंदाजाने काढल्या. म्हणजे सेकंदाच्या तीन-चतुर्थांश भागात कॅमेऱ्यासमोर कधीच नसलेलं चित्र आहे. धूळ पुसणं, थरथर थोपवणं ठीक. चेहरे नव्याने रंगवणं नाही. हरिश्चंद्रात राजाच्या डाव्या गालावरून ओघळल्यासारखा डाग जातो, तो पुसला तर यंत्र गाल स्वतःच्या मनाने भरतं. मी करून पाहिलं आणि तिथे दुसराच माणूस उभा राहिला. डाग ठेवलाय.

१६ ऑगस्ट

पुनर्रचनेचा प्रश्न निकालात काढला. दादाला सरस्वतीबाईंचा प्रसंग उभा करायचाय: हात, फिल्म, भोकं पाडायचं यंत्र, लाल उजेड. मला हरकत नाही. हरकत होती ती त्याच्यावर ओरखडे, झटके आणि पिवळेपणा चढवण्याला.

सरांनी फ्रेंच चित्रपटकार मेलियेची आठवण काढली, आणि नेमकी. इंग्लंडचा राजा सातव्या एडवर्डचा राज्याभिषेक २६ जून १९०२ ला व्हायचा होता, राजा आजारी पडल्याने ९ ऑगस्टवर गेला. जॉर्ज मेलियेने चार्ल्स अर्बन या निर्मात्यासाठी तो पॅरिसजवळ माँत्रयच्या आपल्या स्टुडिओत नट घेऊन आधीच चित्रित करून ठेवला होता. त्याला पुनर्रचना म्हणूनच बाजारात आणलं. तेव्हा दृश्य उभं करणं हा सिनेमाइतकाच जुना प्रकार आहे, त्यात पाप काही नाही. दृश्य उभं केलंय हे लपवलं, की तिथून पुढे ते दृश्य कुणाच्या तरी पुढच्या माहितीपटात ‘सापडलेलं फूटेज’ म्हणून जाणार. आपली क्लिपही उद्या कुणीतरी कापून घेणारच आहे. त्या माणसाच्या हातात काय पडेल, याची जबाबदारी आजच घ्यायला हवी. म्हणून: आजचा कॅमेरा, आजची धार, रंग आहेत तसे, आणि ‘पुनर्रचना’ हा शब्द चित्राच्या आतच, कोपऱ्यात, पूर्ण प्रसंगभर. फ्रेम छाटली तरी राहील इतका आत.

चित्रीकरण उत्तम झालं. भोकं पाडण्याचा आवाज खराच ठेवलाय, यंत्र खरं आहे म्हणून.

३० ऑगस्ट

ओळखीच्या पंधरा-वीस लोकांना दाखवला. हँगिंग गार्डनच्या तीन मिनिटांत कुणी उठलं नाही. उलट सगळ्यात जास्त प्रश्न त्याच जागेवर आले: फिल्म गेली कशी, शोधली का, विलायतेत तरी असेल का. एका आजोबांनी विचारलं, “मग तुम्ही आम्हाला हरिश्चंद्र १९१३ चा नाही असं सांगताय?” सरांनी उत्तर दिलं, “नाही. तो कुठला हे ठरवायचं काम अजून संपलेलं नाही, एवढंच सांगतोय.” आजोबांना ते पटलं नाही, पण ते अर्धा तास थांबून वाद घालत राहिले. मला तो वाद फार हवाहवासा वाटला.

दोन पाट्या वाचून व्हायच्या आत जातात अशी तक्रार आली. चार सेकंदांच्या सहा केल्या.

१२ सप्टेंबर

ज्या वाहिनीकडे माहितीपट पाठवला होता तिथून उत्तर आलं. आवडला. पण पाट्या कमी करा, ‘मतभेद आहेत’चं वाक्य काढा, त्याने सुरुवातीलाच प्रेक्षकाचा विश्वास डळमळतो, आणि कुस्तीवर काहीतरी जुनं दृश्य टाका. दादाने मला आणि सरांना बोलावलं. पैशांची गरज आहे, खोटं बोलण्यात अर्थ नाही. बराच वेळ बसलो.

शेवटी ठरलं ते असं. लांबी कमी करायला तयार आहोत, बावन्नची अठ्ठेचाळीस होतील. ल्युमिएरच्या भागातून दीड मिनिट आणि कोरोनेशनच्या भागातून बाकीचं जाऊ शकतं. संगीत बदलायला तयार आहोत. पाट्या राहतील. हरिश्चंद्राचं वाक्य राहील. बागेच्या जागी आखाडा येणार नाही. दादाने पत्र स्वतः लिहिलं, मी फक्त एक परिच्छेद जोडला: प्रत्येक क्लिपचा तक्ता सोबत पाठवत आहोत, त्यातल्या कुठल्याही ओळीवर शंका असेल तर आम्ही पुरावा दाखवू, आणि पुरावा चुकीचा ठरला तर पाटी बदलू.

तक्त्याची प्रत फाइलबरोबर कायमची राहावी म्हणून मास्टरच्या फोल्डरमध्येच टाकली. प्रत्येक क्लिपच्या फाइलच्या नावात वर्ष आणि ‘मूळ’, ‘नंतरची आवृत्ती’, ‘पुनर्रचना’ यांपैकी एक शब्द. हरिश्चंद्राच्या फाइलच्या नावात दोन्ही वर्षं: १९१३/१७ असं लिहायचं होतं, पण संगणक फाइलच्या नावात तिरकी रेघ घेत नाही, म्हणून १९१३-की-१९१७. साहाय्यकेने अठ्ठेचाळीस मिनिटांच्या कटला सुरुवात केलीय. उद्या कोरोनेशनपासून.